झाऊची सुरी

१

आमच्या बोर्सिप्पात रेमूत सुताराला ओळखत नाही असा माणूस नव्हता, आणि तो दिसल्यावर गल्ली बदलली नाही असा शहाणाही नव्हता. समोर आला की काहीतरी खोडी ठरलेली. देवळातल्या थोरल्या कारकुनाच्या आसनाचा एक पाय त्याने केसभर आखूड केला होता. कारकून बिचारा डावीकडे कलून कलून मातीच्या पाट्या लिहायचा आणि वैद्याकडे चक्करवर औषध मागायचा. वैद्यानेही दिलं. कारकुनाला गुणही आला म्हणतात. शिकलेल्या लोकांचं असंच असतं, त्यांना आजार आणि औषध दोन्ही लवकर पटतं.

खोड्या सोडल्या तर रेमूत सोन्यासारखा कारागीर. रोज उजाडलं की कारखान्याचं दार उघडायचं, तळहातावर थुंकायचं, तळहात एकमेकांवर घासायचे आणि वाकस उचलून लाकूड तासायला बसायचं. त्याचे हात म्हणजे नुसते घट्टे. अंगठ्याखालचा घट्टा इतका टणक की त्यावर तो खजुराची बी ठेवून दगडाने फोडून दाखवायचा. पोरं जमायची.

ऊन अंगणात उतरलं की त्याची लेक नुप्ता जवाची भाकरी आणि कांदा घेऊन यायची. तिची आई ती रांगत असतानाच गेली. त्यानंतर रेमूतने दुसरा घरोबा केला नाही. पोरीची वेणी घालायला शिकला, पोरीचे कानही त्यानेच टोचले, आपल्या सगळ्यात बारीक टोच्याने. कान मात्र त्याच्यासारखेच होते तिचे, वरच्या कडेला दुमडलेले, जणू घडवणाऱ्याला शेवटी जेवणाची घाई झाली होती.

"ए बाबा," ती म्हणायची, "साऱ्या गावाच्या दारांच्या कडा सरळ केल्यास. माझ्या कानांपाशीच तुझी पटाशी बोथट झाली का रे?"

"खूण ठेवलीय ती. उद्या बाजारात हरवलीस तर लोक कान बघून घरी आणून सोडतील."

"आणि नवऱ्याच्या घरी गेले तर?"

"तो पण आणून सोडेल."

मग ती त्याच्या पाठीत कांदा मारायची. दारू प्यायला बसला की रेमूत सगळ्यांना ऐकवायचा, "दाराखिडक्या काय, कोणीही करेल. आयुष्यात एकच काम मनासारखं उतरलं माझ्या हातून, आणि ते मलाच उलटून बोलतं."

त्या वर्षी गुलादेवीची मूर्ती आतून वाळवीने पोखरली. वरून सोनं झगमगतंय आणि आत भुसा. आमच्या देवीचं काम रोग बरे करण्याचं, आणि तिलाच रोग लागला. मग नवी मूर्ती करायचं ठरलं. लाकूड झाऊचं. घडवायची रेमूतने, सोन्याचा पत्रा चढवायचा त्याचा जन्माचा दोस्त उबार सोनाराने.

काम असं झालं की उबारसारखा रडका माणूससुद्धा म्हणाला, "रेमूत, ही आता डोळे उघडेल बघ."

"उघडू दे. पहिल्यांदा तुझं तोंड दिसलं की परत मिटेल."

२

आमच्याकडे रीत अशी की मूर्ती पुरी झाली की ती करणाऱ्यांनी ती केलेली नसते. बाहेरच्याला हे कळत नाही. पण विचार करा. काल उबारच्या मांडीवर पडलेली, काल रेमूतने शिव्या देत तासलेली बाई, तिच्यापुढे आज नाक कोण घासणार? म्हणून नदीकाठच्या बागेत पहाटे विधी करतात. कारागिरांची हत्यारं मेंढीच्या मांडीत शिवून फरात नदीत सोडतात. मग प्रत्येकाचे हात फडक्याने बांधतात, आणि देवळाचा मांत्रिक झाऊच्या लाकडाची सुरी मनगटांवरून फिरवतो. हात तोडल्यासारखं करायचं, बस्स. कारागिराने म्हणायचं, "ही मी केली नाही. कारागिरांच्या देवाने केली." संपलं. हात सोडतात, भाकरी आणि मटण मिळतं, सगळे घरी.

मांत्रिक होते इकीशाबुवा. वय झालेले, आवाज बारीक, हसणं माहीत नाही. बागेत सगळे गोळा झाले होते. देवी बोरूच्या मांडवात नव्या चटईवर बसली होती. उबारने नाक ओढत आपली शपथ घेतली. त्याच्या डोळ्यांत पाणी होतं, पण ते कांदा कापतानाही असतं.

मग रेमूतची पाळी आली. हात बांधले. बुवांनी सुरी उजव्या मनगटावर टेकवली. सगळीकडे चिडीचूप. नदीचं पाणीसुद्धा दबकून चाललेलं. आणि रेमूतला शांतता कधीच सोसवली नाही. त्याच्या जिभेला खाज सुटली.

"ही मी केली नाही," तो मोठ्याने म्हणाला. "कारागिरांच्या देवाने केली. आणि ही एकच काय, मी जन्मात काहीच केलेलं नाही! खोटं वाटत असेल तर माझ्या सासूला विचारा!"

हशा उसळला. त्याची सासू कुदाशू बायकांच्या रांगेतून ओरडली, "खरंय हो, खरंय! पहिल्यांदाच खरं बोलला मेला!" पुन्हा हशा. थोरल्या पुजाऱ्याची दाढी हलली. नुप्ताने पदरात तोंड लपवलं.

इकीशाबुवा हसले नाहीत, पण त्यांचं काय मनावर घ्यायचं. त्यांनी सुरी पुढे ओढली, एका मनगटावरून, मग दुसऱ्यावरून. सुरी लाकडाची, बोथट. तिने लोणीही कापलं नसतं. तरी रेमूतला मनगटाशी क्षणभर गार लागलं, नवी पटाशी चुकून बोटात जाते तेव्हा रक्त येण्याआधी लागतं तसं.

त्याने खाली पाहिलं. मनगट धड होतं. सगळे मटणाकडे वळले होते. फक्त बुवा तिथेच उभे होते, आणि आपल्या अंगरख्याच्या सोग्याने सुरी पुसत होते.

लाकडी सुरी कोण पुसतं?

३

रेमूतने ते डोक्यातून काढून टाकलं. डोक्यातून काढून टाकण्यात तो पटाईत होता. नवी हत्यारं घेतली, नवे दांडे बसवले, आणि एका दुपारी सावलीत पाय पसरून बसला. बसायला घरातली जुनी तिवई ओढली. लग्नाच्या वर्षी स्वतःच केलेली. सहज तिच्या कडेवरून बोट फिरवलं आणि बोट थांबलं.

प्रत्येक सुताराचा घाव वेगळा असतो. जशी माणसाची चाल. रेमूत उजवा, त्याची पटाशी लाकडावर उजवीकडून उतरते, खाचा तशाच कलतात. या तिवईच्या खाचा उलट्या कलत होत्या. कोणा डावखुऱ्याचं काम. चांगलं काम होतं, खरं सांगायचं तर जास्तच चांगलं. पण डावखुऱ्याचं.

कुदाशू भाजी निवडत बसली होती. ती गल्लीच्या टोकाला राहायची, पण जेवायला आणि भांडायला इथेच यायची.

"सासूबाई, ही तिवई कोणी बदलली?"

"कोण बदलतंय? तीच आहे."

"ही मी केलेली नाही."

"तुम्ही?" कुदाशू दात नसलेल्या हिरड्या दाखवून हसली. "जावईबापू, तुम्ही कधी काय केलंत?"

नेहमीचाच टोमणा. रेमूतने नेहमीसारखं उत्तर द्यायला तोंड उघडलं, आणि पाहिलं तर म्हातारी टोमणा मारत नव्हती. टोमणा मारताना ती डावा डोळा बारीक करते. आत्ता दोन्ही डोळे सरळ होते. तिला खरंच आठवत नव्हतं, आणि आठवत नाही याचं काही वाटतही नव्हतं. तिने पुन्हा भाजीत हात घातला. "कोणी केली कोण जाणे," ती म्हणाली, "पण बसायला बरी आहे."

रेमूत उठला. घराचं दार पाहिलं. डावखुरं. खाटेचे पाय, नुप्ताचा माग, धान्याच्या खोलीचा आडणा. सगळ्यांवर त्याच हाताचे तेच शांत, तिरके, बिनचूक घाव.

यावर त्याने काय केलं? हसला. पोट धरून हसला. कारण त्याच्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला होता. आयुष्यभर ज्यांच्या खोड्या काढल्या त्या सगळ्यांनी मिळून त्याचीच खोडी काढली होती! कारकून, उबार, सासू, सगळे सामील. एवढं सामान बदलायचं म्हणजे कष्ट किती, खर्च किती! त्याला कौतुक वाटलं. म्हटलं, लेको, आता बघतोच तुम्हाला.

४

दुसऱ्या दिवशी तो कारखान्याला बाहेरून आडणा लावून समोरच्या भिंतीच्या सावलीत दबा धरून बसला. चोर रंगेहाथ पकडायचा. भर दुपार. कुत्री सावलीला पडलेली, माश्यासुद्धा उडायला तयार नाहीत.

आणि आतून आवाज सुरू झाला. टक. टक टक. टक.

लाकडावर मोगरीचा आवाज रेमूतला आईच्या हाकेपेक्षा ओळखीचा. त्याने डोळे मिटून ऐकलं. आधी मोठे घाव, फालतू लाकूड उडवायचे. मग बारके. मग थांबून फुंकर. मग ओल्या वाळूने घासल्याची सळसळ. घाई नाही, चूक नाही. असं काम त्याने कुणाचंच ऐकलं नव्हतं.

"सापडलास, उबाऱ्या!" म्हणून त्याने आडणा काढला आणि दार ढकललं.

आत कोणी नव्हतं. खिडकी मांजर जाईल एवढी. जमिनीवर ढलप्यांचा ढीग होता. एक उचलली तर गरम लागत होती.

त्याने तळहातावर थुंकून, सवयीने, तळहात घासले. आणि पहिल्यांदा त्याला नीट कळलं की हात घासल्याचा खरखर आवाज आलाच नाही. हात उजेडात धरले. अंगठ्याखालचा घट्टा नव्हता. एकही घट्टा नव्हता. लहानपणी वाकस निसटून झालेली लांब खूण नव्हती. तळहात गुलाबी, मऊ, न्हाऊ घातलेल्या पोरासारखे. त्याने वाकस उचलला. दांडा हातात नीट बसेना. आधी कुठली बोटं पुढे, कुठली मागे, काही केल्या आठवेना. दोन दिवस काम केलं नाही म्हणून हात मऊ पडले, असं त्याने स्वतःला सांगितलं. तूप जास्त खाल्लं असेल. ऊन बाधलं असेल.

तो तडक उबारकडे गेला. उबार नळीने निखारे फुलवत होता.

"झाली तेवढी मजा पुरे," रेमूत म्हणाला. "मानलं बाबा. पण हातांचं कसं केलंत ते सांग."

"कसली मजा?"

"देवीचं लाकूड मी घडवलं आणि सोनं तू चढवलंस, ही गंमत तरी आठवते ना?"

उबारने घाबरून इकडे तिकडे पाहिलं. "देवी कोणी केली नाही रे. शपथ घेतलीस ना? तेवढं तरी पाळ."

"बरं, ते राहू दे. पण मी तिथे होतो की नाही? सबंध उन्हाळा?"

"होतास की!" उबारचा चेहरा खुलला. त्याने प्रेमाने रेमूतच्या खांद्यावर हात ठेवला. "तू होतास म्हणून तर काम उरकलं. नुसत्या गप्पा मारायचास, पण हसवायचास काय! असा एखादा रिकामा माणूस लागतोच रे कामावर."

उबारला खोटं बोलता येत नाही. बोलला तर त्याचे कान लाल होतात, हे सगळ्या गावाला ठाऊक. त्याचे कान पांढरे फटक होते.

परत येताना रेमूतला गल्ली लांब वाटली. पण मनाशी म्हणाला, जाऊ द्या. तिवई गेली, दारं गेली, नाव गेलं. हात गेले तरी तोंड आहे. जे खरं आपलं आहे ते घरात भाकरी भाजतंय.

५

नुप्ता अंगणात केस विंचरत बसली होती. ओले केस तिने एका बाजूला घेतले आणि कान उघडा पडला.

कान सरळ होता.

वरची दुमड नव्हती. कड गोल, सलग, वाळूने घासून तेलाने पुसल्यासारखी. इतका देखणा कान रेमूतने देवीलाही दिला नव्हता. टोचल्याचं भोकही नव्हतं. पाळी कोरी होती.

"नुप्ते, कानातलं कुठेय?"

"कानातलं?" ती उठून उभी राहिली. ती त्याला बघून कधी उभी राहत नसे. "मी कधी घातलंच नाही, बाबा. बसा ना तुम्ही. पाणी देऊ?"

बसा. तुम्ही. रेमूतने हातपाय मारले, म्हणजे विनोद केला. नवऱ्याने परत आणून सोडण्याचा, तोच जुना. ती हसली. चांगलं वळण लागलेली मुलगी दुसऱ्याच्या बापाच्या विनोदाला हसते, तशी हसली. हळू आणि वेळेवर.

तो तसाच इकीशाबुवांच्या घरी गेला. बुवा ओसरीवर औषधी पाला वाळवत होते. त्यांनी रेमूतचे हात पाहिले आणि पाला खाली ठेवला.

"हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच," ते म्हणाले. "मी वाट पाहत होतो तुझी."

"बुवा, ती थट्टा होती हो! सगळे हसले!"

"सगळे हसले. ज्याच्यापुढे शपथ घेतलीस तो हसला का? तू म्हणालास, काहीच केलेलं नाही. केलेलं तर आहे, डोळ्यांना दिसतंय. मग कोणीतरी केलं असणार. ज्याचं नाव तू घेतलंस, तो एकेक काम आपल्या नावावर घेतोय. आपल्या हाताने पुन्हा करून."

"तिवई घेऊ दे. दारं घेऊ दे. सगळं गाव घेऊ दे. पोरगी नाही द्यायची मला."

बुवांनी पाल्यातल्या काड्या निवडून बाजूला केल्या. मग म्हणाले, "शपथ मागे घेता येते. देवीसमोर उभं राहून म्हणायचं, मी केलं. एवढंच."

"मग चला की!"

"तसं म्हटलंस की देवी पुन्हा नुसतं लाकूड होईल. गाव तुला नदीत बुडवेल."

"बुडवू दे. जन्म लाकडात गेलाय, तरंगेन." आणि खरोखर, त्याला हलकं वाटलं. रस्ता सापडला की रेमूत भीत नसे. "आणि पोरगी परत माझी?"

"ते मला माहीत नाही. आजवर कोणी तसं म्हटलेलं नाही." बुवांनी अंगरखा सारखा केला. "उद्या दुपारी ये. देवीचं ताट वाढून पडदा ओढला की गायक बाहेर जातात. तेवढ्यात काय ते कर. मी दारात उभा राहीन, पण आत बघणार नाही. मला म्हातारपण शांतपणे काढायचंय."

६

रेमूत छाती काढून गेला. वाटेत कारकुनाला "आज कुठल्या बाजूला कलताय?" असं विचारून गेला. मनात वाक्य पक्कं होतं. दोन शब्दांचं तर होतं.

गाभारा गार. तिळाच्या तेलाचे दिवे, भाजलेल्या मेंढीचा वास, आणि मधोमध वरपासून खालपर्यंत तागाचा पांढरा पडदा. देव जेवताना माणसाने बघायचं नसतं. देवीची पाळलेली कुत्री एरवी ताटासाठी धडपडतात. आज ती सगळी भिंतीला अंग घासून बसली होती. एकानेही शेपूट हलवलं नाही.

त्याने घसा साफ केला. आणि पडद्याआड आवाज सुरू झाला. टक. टक टक. टक.

मोठे घाव नव्हतेच. ते आधीच होऊन गेले होते. हे बारके होते, अगदी शेवटचे, जे मारताना सुतार श्वास रोखतो. मध्येच फुंकर. मध्येच ओल्या वाळूची सळसळ.

"हे उबारचं काम नाही," रेमूत मनाशी म्हणाला. अजूनही त्याचं एक मन खोडी शोधत होतं. तो गुडघ्यांवर बसला आणि पडद्याची खालची कड एका बोटाने वर केली. बोटभरच.

फरशीवर ढलप्या होत्या. झाऊच्या नव्हत्या. पातळ, फिकट, आणि त्यांच्यावर बारीक लव होती. एक ढलपी वळून पडली होती, नखाएवढी, दुमडलेली. तिच्या जवळच दुसरी, आणि त्या दुसरीला भोक होतं. सगळ्यात बारीक टोच्याने पाडलेलं, अगदी नीट. ते काम उजव्या हाताचं होतं.

त्यापलीकडे एक पाऊल दिसत होतं. पावलाचं तेवढंच, टाचेपासून बोटांपर्यंत, चटईवर टेकवलेलं. अंगठा झाला होता. पुढची तीन बोटं झाली होती, नखांसकट. करंगळी अजून नुसता आकार होती. आणि तिच्यावर पटाशी धरलेला हात होता. डावा. फक्त मनगटापर्यंत दिसत होता. त्याच्यापुढे बघायला पडदा अजून वर करावा लागला असता, आणि रेमूतने तो केला नाही.

हात थांबला होता. कामाच्या मध्ये कोणी येऊन उभं राहिलं की कारागीर थांबतो ना, तसा. बोला, काय म्हणताय, असा.

रेमूतने तोंड उघडलं. मी केलं. दोनच शब्द. ते जिभेवर आलेही.

तेवढ्यात पडद्याआडून झोपेतला आवाज आला. नुप्ताचा. "थांबू नका ना," ती म्हणाली. "थांबलं की गार लागतं."

आता बघा, रेमूतचे हात सगळं विसरले होते, पण डोकं सुताराचंच होतं. उघडलेलं लाकूड मध्येच सोडलं की काय होतं हे त्याला कुणी सांगायची गरज नव्हती. भर उन्हाळ्यात अर्धवट तासलेला ओंडका टाकून द्यावा आणि सकाळी बघावा. रात्रीतून तडा जातो, आरपार. मग तो कोणाच्याच कामाचा राहत नाही. ना या सुताराच्या, ना त्या.

आपण दोन शब्द बोललो की तो हात पटाशी खाली ठेवणार. आणि आपल्याला तर पटाशी धरायलाही येत नाही.

हे सगळं कळायला त्याला एका श्वासापेक्षा जास्त वेळ लागला नाही. मग तो बोलला. आवाज थोरल्या मिस्तरीचा, नवख्याला काम दाखवतानाचा. तो कापला नाही, याचा त्याला पुढे कितीतरी दिवस अभिमान वाटत राहिला.

"करंगळीला घाई करू नकोस," तो म्हणाला. "नाजूक असते. तिच्या नखाची कड आधी काढ, मग बाकीचं."

हात किंचित खाली झुकला. ऐकलं म्हटल्यासारखा. रेमूतने पडद्याची कड सोडली.

टक. टक टक.

दारात इकीशाबुवा पाठ करून उभे होते. "बोललास?" त्यांनी विचारलं.

"बोललो."

"मग देवी?"

"देवी ठीक आहे," रेमूत म्हणाला. "सगळं ठीक आहे. काम चांगल्या हातात आहे."

७

उन्हं कलल्यावर तो घरी पोचला. दार लावलेलं होतं. त्याने कडी वाजवली. या दाराची कडी वाजवायची वेळ त्याच्यावर कधी आली नव्हती.

नुप्ताने दार उघडलं. तब्येत झकास दिसत होती. गाल तुकतुकीत, डोळे जागे. उंबऱ्यावर तिचं पाऊल होतं, आणि करंगळी पुरी झाली होती. नखाची कड अशी की बघत राहावं.

"कोण हवंय, आजोबा?"

रेमूतच्या तोंडात आयुष्यभराची उत्तरं होती. त्यातलं एकही हाताशी आलं नाही. "कोणी नाही," तो म्हणाला. "वाटसरू आहे. ऊन लागलं."

"या, बसा सावलीला." तिने त्याला तिवई दिली, वाटीत खजूर दिले, जवाची दारू आणि ती ओढून प्यायला बोरूची नळी दिली. लेक गुणी होती. परक्या माणसाचं तिने काही कमी केलं नाही. आपली वेणी पुढे घेऊन ती खांबाला टेकून उभी राहिली आणि त्याच्याकडे कुतूहलाने बघत राहिली. तो तिच्याकडे बघत राहिला.

आत, मागच्या पडवीत, कोणीतरी लाकूड खाली ठेवलं आणि अंगावरचा भुसा झटकला.

"ए बाबा," तिने मान वळवून हाक मारली. "दारात एक आजोबा आलेत रे. काही बोलतच नाहीत, नुसते बघतायत."

"मग सोडू नकोस त्यांना," आतून आवाज आला. भरदार, मजेदार, घाई नसलेला. "न बोलणारा म्हातारा सबंध बोर्सिप्पात आहे कुठे? धरून ठेव. तुझ्या आजीशी लग्न लावून देऊ!"

नुप्ताला हसू आवरेना. ती खांबाला धरून वाकली, डोळ्यांतून पाणी आलं, पाच वर्षांची असताना हसायची तशी हसली. आतली पावलं दाराकडे यायला लागली.

विनोद खरंच फक्कड होता. वेळ नेमकी, घाव हलका, कुठे एक शब्द जास्त नाही. रेमूतला मानावंच लागलं. त्यालाही हसू फुटलं, पोटातून, खांदे गदगदेपर्यंत तो हसला.

गल्लीत आवाज मात्र तिच्या एकटीच्याच हसण्याचा येत होता.